औषधजन्य गंभीर त्वचाविकार : स्वरूप, कारणमीमांसा आणि औषधाच्या नावाचे महत्त्व

प्रस्तावना

'तोंड आले', 'डोळे आले' आणि 'अंगावर उठले' या तीन तक्रारी मराठवाड्यातील कोणत्याही घरात नित्याच्या आहेत. त्या वेगवेगळ्या उद्भवल्या तर बहुधा किरकोळ असतात. तोंड आले की उष्णता झाली असे समजून ताक, सब्जा किंवा तूप दिले जाते. डोळे आले की साथ आली असे मानले जाते. अंगावर पुरळ उठले की पित्त किंवा गोवर म्हणून चार दिवस वाट पाहिली जाते. परंतु एखादे नवे औषध सुरू झाल्यानंतर काही दिवसांत किंवा आठवड्यांत याच तीन तक्रारी तापासह एकत्र प्रकट झाल्या, तर त्यांचा अर्थ पूर्णपणे बदलतो. त्या वेळी शरीराची त्वचा आतून मरू लागलेली असण्याची शक्यता असते आणि वाट पाहण्यात गेलेला प्रत्येक दिवस रुग्णाच्या जिवावर बेतू शकतो.

औषधांमुळे उद्भवणाऱ्या या गंभीर त्वचाविकारांविषयी वैद्यकीय वर्तुळाबाहेर फारशी चर्चा होत नाही. प्रस्तुत लेखात या विकारांचे स्वरूप, त्यांची कारणे, उपचारांची दिशा आणि ग्रामीण भागातील प्रतिबंधाचे मार्ग यांचा विचार केला आहे. या विचारातून एक साधी गोष्ट पुढे येते. या विकारात पहिला आणि सर्वांत परिणामकारक उपाय म्हणजे कारणीभूत औषध त्वरित थांबविणे होय. आणि औषध थांबविण्यासाठी त्याचे नाव माहीत असावे लागते.

विकाराची ओळख

१९२२ मध्ये अमेरिकेतील स्टीव्हन्स आणि जॉन्सन या दोन डॉक्टरांनी दोन मुलांच्या आजाराचे वर्णन प्रसिद्ध केले. ताप, अंगावर पुरळ, तोंडाचा तीव्र दाह आणि डोळ्यांची गंभीर इजा अशी लक्षणे त्या मुलांत होती. त्यांच्याच नावाने हा विकार पुढे 'स्टीव्हन्स-जॉन्सन सिंड्रोम' म्हणून ओळखला गेला. १९५६ मध्ये ॲलन लायेल या स्कॉटिश त्वचारोगतज्ज्ञाने चार रुग्णांचे वर्णन करून 'टॉक्सिक एपिडर्मल नेक्रोलायसिस' ही संज्ञा रूढ केली. या रुग्णांची त्वचा गरम पाण्याने भाजल्याप्रमाणे सोलून निघत होती.

हे दोन स्वतंत्र रोग नसून एकाच रोगाच्या कमी-अधिक तीव्रतेच्या अवस्था आहेत, असे आज मानले जाते. १९९३ मध्ये मांडण्यात आलेल्या वर्गीकरणानुसार शरीराच्या पृष्ठभागाच्या दहा टक्क्यांपेक्षा कमी त्वचा सुटली असेल तर पहिली अवस्था, तीस टक्क्यांपेक्षा अधिक सुटली असेल तर दुसरी अवस्था आणि या दोहोंच्या दरम्यान असेल तर संमिश्र अवस्था समजली जाते. रुग्णाचा बोटांसह तळहात म्हणजे शरीराच्या पृष्ठभागाचा सुमारे एक टक्का, हे माप यासाठी वापरतात. पहिल्या अवस्थेत साधारणतः शंभरापैकी पाच ते दहा रुग्ण दगावतात, तर दुसऱ्या अवस्थेत हे प्रमाण तीसच्या आसपास किंवा त्याहूनही अधिक असते.

याच गटात आणखी दोन विकारांचा समावेश होतो. 'ड्रेस सिंड्रोम' या विकारात औषध सुरू केल्यानंतर साधारण दोन ते आठ आठवड्यांनी ताप, चेहऱ्यावर सूज, अंगभर पुरळ आणि लसीका ग्रंथींची वाढ दिसते. रक्तातील इओसिनोफिल पेशी वाढतात आणि यकृत, मूत्रपिंड यांसारख्या अवयवांना इजा होते. दुसऱ्या विकारात अंगावर अल्पावधीत असंख्य बारीक पूयुक्त फोड उठतात. तो तुलनेने सौम्य असून औषध बंद केल्यावर बहुधा बरा होतो.

हे विकार दुर्मीळ आहेत, हे खरे. निरनिराळ्या देशांतील अभ्यासांनुसार पहिल्या दोन अवस्थांचे रुग्ण दर दहा लाख लोकसंख्येमागे वर्षाला एक ते सातच्या दरम्यान आढळतात. तथापि २०११ च्या जनगणनेनुसार लातूर व नांदेड या दोन जिल्ह्यांची एकत्रित लोकसंख्या ५८ लाखांहून अधिक होती. वरील दरांपैकी सर्वांत कमी दर गृहीत धरला, तरी या दोन जिल्ह्यांत दरवर्षी पाच-सहा रुग्ण अपेक्षित ठरतात. ही प्रत्यक्ष मोजणी नसून केवळ अंदाज आहे. परंतु एका डॉक्टरला आयुष्यात क्वचित दिसणारा हा रोग जिल्ह्याच्या पातळीवर मात्र दरवर्षी घडत असतो, एवढे त्यातून स्पष्ट होते.

त्वचा का सुटते?

त्वचेचे बाह्यत्वचा आणि अंतस्त्वचा असे दोन मुख्य थर असतात. या विकारात बाह्यत्वचेतील पेशी मोठ्या प्रमाणावर मरतात आणि तो संपूर्ण थर खालच्या थरापासून विलग होतो. तोंड, डोळे, घसा व जननेंद्रिये येथील नाजूक श्लेष्मल त्वचाही त्याच प्रकारे सोलली जाते. म्हणूनच 'तोंड येणे' आणि 'डोळे येणे' ही लक्षणे पुष्कळदा अंगावरील फोडांच्या आधी दिसतात.

पेशींच्या या मृत्यूला औषधाचा थेट विषारी परिणाम कारणीभूत नसतो, तर शरीराची स्वतःचीच रोगप्रतिकारयंत्रणा कारणीभूत असते. शरीरातील प्रत्येक पेशी आपल्या अंतर्भागातील प्रथिनांचे तुकडे 'एचएलए' नावाच्या रेणूंवर मांडून बाहेर दाखविते. गस्त घालणाऱ्या टी-पेशी हे तुकडे तपासतात व परके काही आढळले तर त्या पेशीचा नाश करतात. काही व्यक्तींच्या एचएलए रेणूंची रचना अशी असते की, विशिष्ट औषधाचा रेणू त्यांना चिकटतो आणि टी-पेशींना स्वतःच्याच त्वचेच्या पेशी परक्या भासू लागतात. मग टी-पेशी 'ग्रॅन्युलायसिन' यासारखी मारक प्रथिने सोडतात आणि त्वचेच्या पेशी मरतात.

या प्रक्रियेचा उलगडा झाल्याने दोन लोकप्रिय समजुती निराधार ठरतात. 'औषध उष्ण पडले' किंवा 'गोळी जुनी होती' असे स्पष्टीकरण अनेकदा दिले जाते. प्रत्यक्षात औषध शुद्ध, मुदतीतील आणि योग्य मात्रेत दिलेले असतानाही हा विकार होऊ शकतो. त्यामुळे केवळ असा विकार झाला एवढ्यावरून डॉक्टरांची चूक सिद्ध होत नाही. चूक घडते ती बहुधा लक्षणे दिसू लागल्यानंतरही तेच औषध चालू ठेवण्यात.

कारणीभूत औषधे व आनुवंशिकता

शेकडो औषधांचा संबंध या विकारांशी जोडला गेला असला, तरी बहुसंख्य गंभीर घटनांमागे औषधांचे मोजकेच गट असतात. अपस्मारावरील कार्बामाझेपिन, फेनिटोइन, फेनोबार्बिटोन व लॅमोट्रिजिन, को-ट्रायमॉक्साझोलसारखी सल्फा औषधे, युरिक ॲसिड कमी करणारे ॲलोप्युरिनॉल, एचआयव्हीवरील नेव्हिरापिन, आणि काही वेदनाशामके यांचा त्यात समावेश होतो. कुष्ठरोगाच्या बहुविध औषधोपचारातील डॅप्सोन या औषधानेही ताप, पुरळ व यकृताची इजा असा गंभीर विकार होऊ शकतो. क्षयरोगावर एकेकाळी सर्रास वापरले जाणारे थायासिटाझोन हे औषध एचआयव्हीबाधितांना देऊ नये, असा सल्ला जागतिक आरोग्य संघटनेला द्यावा लागला, तो याच प्रकारच्या प्राणघातक प्रतिक्रियांमुळे. भारतातील औषध दक्षता यंत्रणेने नोव्हेंबर २०२३ मध्ये मेफेनॅमिक ॲसिड या वेदनाशामकाबाबत ड्रेस सिंड्रोमचा इशारा प्रसृत केला. मासिक पाळीतील वेदनांसाठी हे औषध मोठ्या प्रमाणावर घेतले जात असल्याने हा इशारा महाविद्यालयांच्या दृष्टीनेही महत्त्वाचा आहे.

यातील बहुतेक औषधे अत्यंत उपयुक्त, किंबहुना जीवनरक्षक आहेत. लक्षावधी रुग्ण ती निर्धोकपणे घेतात. धोका कोणाला आहे, हे आधी ओळखता येईल का, या प्रश्नाचे पहिले ठोस उत्तर २००४ मध्ये तैवानमधून मिळाले. कार्बामाझेपिनमुळे स्टीव्हन्स-जॉन्सन सिंड्रोम झालेल्या ४४ रुग्णांची तपासणी करण्यात आली असता त्या सर्वांमध्ये 'एचएलए-बी १५०२' हा जनुकीय प्रकार आढळला. त्यानंतर डिसेंबर २००७ मध्ये अमेरिकेच्या औषध नियामक संस्थेने आशियाई वंशाच्या रुग्णांना हे औषध देण्यापूर्वी संबंधित चाचणी करण्याची शिफारस केली. २००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका भारतीय अभ्यासातही आठपैकी सहा रुग्णांत हाच प्रकार आढळला. अभ्यास लहान असला तरी त्याची दिशा तीच होती. ॲलोप्युरिनॉलच्या बाबतीत 'एचएलए-बी ५८०१' आणि डॅप्सोनच्या बाबतीत 'एचएलए-बी १३०१' हे प्रकार धोक्याचे असल्याचे आता ज्ञात आहे. तथापि चाचणीत जनुक आढळले नाही म्हणजे धोका पूर्णपणे टळला, असे म्हणता येत नाही. शिवाय ग्रामीण भागात अशी चाचणी सहजसुलभ नाही. म्हणून लक्षणे लवकर ओळखणे, हाच व्यवहार्य मार्ग उरतो.

एक न्यायालयीन प्रकरण

महाराष्ट्राच्या भूमीवर शेवट झालेल्या एका घटनेने हा विकार देशाच्या कायद्याच्या इतिहासात नोंदला गेला. अमेरिकास्थित बालमानसतज्ज्ञ अनुराधा साहा या १९९८ च्या उन्हाळ्यात कोलकात्यास आल्या असता त्यांना ताप व पुरळ सुरू झाले. तेथील उपचारांत त्यांना दीर्घकाळ परिणाम करणाऱ्या स्टेरॉइडची इंजेक्शने दिवसातून दोन वेळा याप्रमाणे देण्यात आली. प्रकृती खालावत गेल्याने १७ मे रोजी त्यांना विमानाने मुंबईस हलविण्यात आले. टॉक्सिक एपिडर्मल नेक्रोलायसिसमुळे २८ मे १९९८ रोजी वयाच्या ३६ व्या वर्षी मुंबईतील ब्रीच कँडी रुग्णालयात त्यांचे निधन झाले.

त्यांचे पती डॉ. कुणाल साहा यांनी पंधरा वर्षे न्यायालयीन लढा दिला. सर्वोच्च न्यायालयाने ७ ऑगस्ट २००९ च्या निकालात कोलकात्यातील उपचारांत दिवाणी स्वरूपाचा निष्काळजीपणा झाल्याचे मान्य केले. फौजदारी आरोपांतून मात्र डॉक्टरांची मुक्तता कायम ठेवली. पुढे २४ ऑक्टोबर २०१३ रोजी नुकसानभरपाईची रक्कम सुमारे ६ कोटी रुपये व त्यावर ६ टक्के व्याज अशी निश्चित करण्यात आली. वैद्यकीय निष्काळजीपणाबद्दल भारतात तोपर्यंत मंजूर झालेली ही सर्वांत मोठी भरपाई होती.

भरपाईच्या रकमेमुळे हे प्रकरण गाजले, परंतु अभ्यासकाच्या दृष्टीने त्यातील वैद्यकीय मुद्दा अधिक मोलाचा आहे. या विकारात स्टेरॉइड द्यावे की न द्यावे, याविषयी वैद्यकशास्त्रात दोन मतप्रवाह आहेत, याची न्यायालयाने नोंद घेतली. मात्र द्रव, पोषण, जखमांची निगा व जंतुसंसर्गापासून संरक्षण ही आधारभूत शुश्रूषा आवश्यक आहे, याबद्दल दोन्ही मतप्रवाहांत एकमत आहे आणि तीच येथे पुरेशी झाली नाही, या बाबीला न्यायालयाने महत्त्व दिले.

उपचारांची दिशा

त्वचा गमावलेला रुग्ण हा भाजलेल्या रुग्णासारखाच असतो. शरीरातील पाणी व क्षार वाहून जातात, उष्णता टिकत नाही आणि उघड्या अंगातून जंतू शिरतात. म्हणून उबदार खोली, मोजून दिलेले द्रव, नळीद्वारे किंवा तोंडाने पुरेसे अन्न, अंगाला न चिकटणारी आवरणे आणि दररोज नेत्रतज्ज्ञांकडून तपासणी, ही उपचारांची मुख्य अंगे होत. स्टेरॉइड, सायक्लोस्पोरिन व अन्य औषधे तज्ज्ञांच्या निर्णयानुसार दिली जातात. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या भारतीय त्वचारोगतज्ज्ञांच्या मार्गदर्शक सूचनांत सायक्लोस्पोरिनचा समावेश आहे. २०२४ मध्ये 'जॅक' प्रतिबंधक गटातील औषधांनी सात रुग्ण बरे झाल्याचे आंतरराष्ट्रीय संशोधन प्रसिद्ध झाले. ही आशादायक सुरुवात आहे. परंतु सात ही संख्या लहान आहे.

न चिकटणाऱ्या आवरणाबाबत महाराष्ट्रातील एक प्रयोग उल्लेखनीय आहे. मुंबईतील सायन येथील लोकमान्य टिळक महापालिका वैद्यकीय महाविद्यालयाच्या डॉ. माधुरी गोरे यांनी भाजलेल्या जखमांसाठी निर्जंतुक केलेल्या केळीच्या पानांच्या आवरणाचा अभ्यास करून त्याचे निष्कर्ष २००३ मध्ये प्रसिद्ध केले. हे पान गुळगुळीत असल्याने जखमेला चिकटत नाही, काढताना वेदना होत नाहीत आणि खर्चही अत्यल्प असतो. त्वचा सोलली जाणाऱ्या विकारांतही भारतात त्याचा वापर झाला आहे. केळीच्या बागांसाठी प्रसिद्ध असलेल्या अर्धापूरच्या परिसराला ही सामग्री परकी नाही. अर्थात हा रुग्णालयात, निर्जंतुकीकरण करून करावयाचा उपाय आहे; घरगुती उपचार नव्हे.

रुग्ण बचावला तरी आजार संपतोच असे नाही. डोळे कोरडे पडणे, पापण्यांच्या कडा खडबडीत होऊन बुबुळावर घासणे आणि कालांतराने दृष्टी जाणे, हे परिणाम अनेकांना आयुष्यभर सोसावे लागतात. मराठवाड्यातील रुग्णांना तुलनेने जवळ असलेल्या हैदराबाद येथील एल. व्ही. प्रसाद नेत्र संस्थेत ओठाच्या आतील श्लेष्मल त्वचेचे पापणीच्या कडेवर रोपण करण्यासारख्या शस्त्रक्रियांवर महत्त्वाचे काम झाले आहे.

या सर्व उपचारांच्या आधीचा उपाय मात्र विनामूल्य आहे. २००० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात, शरीरातून लवकर बाहेर पडणारी कारणीभूत औषधे जितकी आधी थांबविली गेली, तितका मृत्यूचा धोका कमी होत गेल्याचे आढळले. लवकर थांबविलेल्या प्रत्येक दिवसामागे ही घट सुमारे तीस टक्के होती.

औषधाचे नाव : ग्रामीण वास्तव

मुरुड हे लातूर-बार्शी मार्गावरील बाजारपेठेचे गाव. आसपासच्या खेड्यांतील रुग्ण अशा गावांत उपचारांसाठी येतात आणि आजार गंभीर झाल्यास लातूर किंवा अंबाजोगाईच्या वैद्यकीय महाविद्यालयाकडे पाठविले जातात. तेथे पोहोचल्यावर विचारला जाणारा पहिला प्रश्न असतो : 'कोणते औषध घेतले होते?' अनेक नातेवाइकांचे उत्तर असते : 'दोन पांढऱ्या गोळ्या आणि एक पिवळी.'

या उत्तरामागे एक व्यवस्था आहे. दवाखान्यातून सुट्या गोळ्या कागदाच्या पुडीत दिल्या जातात व पुडीवर नाव नसते. औषधाच्या दुकानातून पट्टी कापून चार गोळ्या दिल्या जातात आणि नाव छापलेला भाग दुकानातच राहतो. ऊसतोडीसाठी सहा-सहा महिने परमुलखात जाणारी कुटुंबे अपस्माराची किंवा क्षयाची औषधे बरोबर नेतात. कागद घरी राहतात. शिक्षणासाठी लातुरात खोली घेऊन राहणारे विद्यार्थी मित्राच्या सांगण्यावरून गोळी घेतात. सांधेदुखीवरील काही निनावी चूर्णांत तर वेदनाशामके वा स्टेरॉइड न सांगता मिसळलेली असतात. नाव अज्ञात असेल तर डॉक्टरांना सर्वच औषधे संशयित मानावी लागतात आणि रुग्ण बरा झाल्यावर पुढे काय टाळावे, हेही सांगता येत नाही.

दुसरी अडचण व्यापारी नावांची आहे. सेप्ट्रान आणि बॅक्ट्रिम ही दोन नावे असली, तरी औषध एकच, को-ट्रायमॉक्साझोल. एका नावाची गोळी टाळणाऱ्या रुग्णाच्या हाती तेच औषध दुसऱ्या नावाने पडू शकते आणि अशी पुनरावृत्ती प्राणघातक ठरू शकते. म्हणूनच औषधाचे मूळ नाव माहीत असणे अगत्याचे आहे. डॉक्टरांनी औषधाची मूळ नावे सुवाच्य व शक्यतो मोठ्या अक्षरांत लिहावीत, अशी तरतूद वैद्यकीय आचारविषयक विनियमांत २०१६ च्या सुधारणेने करण्यात आली आहे. रुग्णाने अशी चिठ्ठी मागणे हा उद्धटपणा नसून तो त्याचा रास्त आग्रह आहे.

येथे एक सावधगिरी नमूद करणे आवश्यक आहे. औषधाने उठणारे बहुतांश पुरळ सौम्य असतात. प्रत्येक पुरळाला घाबरून क्षयाची वा अपस्माराची औषधे परस्पर सोडली, तर रोग बळावतो किंवा झटके सुरू होतात. धोक्याची चिन्हे वेगळी आहेत : ताप, खाजेपेक्षा त्वचेची आग व वेदना अधिक असणे, तोंडात-डोळ्यांत-जननेंद्रियांवर जखमा, काळपट डाग वा फोड आणि चेहऱ्यावर सूज. यांपैकी काहीही आढळल्यास पुढची मात्रा घेण्यापूर्वी, त्याच दिवशी, सर्व गोळ्यांची वेष्टने बरोबर घेऊन रुग्णालय गाठावे.

नोंदयंत्रणा व महाविद्यालयांची भूमिका

भारतात औषधांच्या दुष्परिणामांची नोंद घेणारा राष्ट्रीय कार्यक्रम जुलै २०१० मध्ये सुरू झाला आणि २०११ पासून त्याचे राष्ट्रीय समन्वय केंद्र गाझियाबाद येथील भारतीय औषधकोश आयोगाकडे आहे. देशभरातील अनेक वैद्यकीय महाविद्यालयांत नोंदणी केंद्रे आहेत. डॉक्टरांबरोबरच रुग्ण वा नातेवाईकही नोंद करू शकतात. त्यासाठीचा अर्ज मराठीतही उपलब्ध असून १८००-१८०-३०२४ हा निःशुल्क दूरध्वनी क्रमांक आहे. मेफेनॅमिक ॲसिडसारखे इशारे देशभरातून आलेल्या अशाच नोंदींच्या विश्लेषणातून निघतात. न नोंदविलेला रुग्ण पुढच्या रुग्णाला सावध करू शकत नाही.

बिगरवैद्यकीय महाविद्यालयांनाही येथे काम आहे. राष्ट्रीय सेवा योजनेच्या शिबिरांत घरोघरी औषधांची यादी लिहून देणे, प्रवेशाच्या वेळी भरून घेतल्या जाणाऱ्या आरोग्यपत्रकात 'कोणत्या औषधाची बाधा झाली आहे' हा रकाना ठेवणे, वसतिगृहाच्या अधीक्षकांना वरील चिन्हांची माहिती देणे, या गोष्टींना वेगळा निधी लागत नाही. एकदा असा विकार झालेल्या व्यक्तीजवळ औषधाचे मूळ नाव मराठी व इंग्रजी अशा दोन्ही भाषांत लिहिलेले कार्ड कायम असावे. आनुवंशिकतेचा संबंध लक्षात घेता जवळच्या रक्ताच्या नातेवाइकांनीही ते औषध घेण्यापूर्वी डॉक्टरांना तशी कल्पना द्यावी.

निष्कर्ष

१. औषधजन्य गंभीर त्वचाविकार दुर्मीळ असले तरी जिल्ह्याच्या पातळीवर ते दरवर्षी अपेक्षित आहेत. त्यांना अपवाद समजून दुर्लक्ष करता येणार नाही.

२. नव्या औषधानंतर पहिल्या आठ आठवड्यांत ताप, पुरळ, तोंड येणे व डोळे येणे ही लक्षणे एकत्र दिसल्यास ती 'उष्णता' न मानता तातडीची वैद्यकीय स्थिती समजावी.

३. कारणीभूत औषध लवकर थांबविणे आणि आधारभूत शुश्रूषा यांवर रुग्णाचा जीव अवलंबून असतो.

४. नाव नसलेली पुडी, कापलेली पट्टी आणि हरवलेली चिठ्ठी हे या विकाराच्या उपचारातील अडथळे आहेत व ते दूर करणे समाजाच्या हाती आहे.

जनुकीय चाचण्या आणि नवी औषधे गावापर्यंत येतील तेव्हा येतील. तोपर्यंत गोळ्यांचे रिकामे वेष्टन फेकून न देता डब्यात जपून ठेवणे, एवढी सवयही एखाद्या घरातील माणूस वाचविण्यास पुरेशी ठरू शकते.